फ्रीजमध्ये किल्ल्या

टेक सुरू करण्याआधी मी फ्रीज बंद करतो
आणि गाडीच्या किल्ल्या त्यातच ठेवतो, सॉसेजच्या पुडक्यावर,
म्हणजे घरी निघताना
बटण पुन्हा दाबायची आठवण राहते.
फ्रीजची घरघर काळी पाच.
क्लोव्हिसचं अकॉर्डियन पांढरी एक.
दोघांचं पटत नाही.

ही शेड पूर्वी भात वाळवायची होती.
लुइझिआनाच्या या सपाट कोपऱ्यात
उंच म्हणून काही असेल तर हीच.
फटींतून अजून कोंडा गळतो,
मायक्रोफोनवर बसतो,
आणि ओझेली गाण्याआधी तो फुंकरीने सारते
जशी दुधावरची साय.

पहिलाच अल्बम. क्लोव्हिस एकाहत्तरचा,
त्याची पुतणी ओझेली चौतीस,
त्रिकोण वाजवणारा टी-रेने
अजून मिशीची वाट बघतोय.
क्लोव्हिस लग्नांत वाजवत आला,
शनिवारच्या नाचांत, डुक्कर भाजताना,
तेलाच्या फलाटावर रात्रपाळी संपल्यावर,
पण 'थांब, पुन्हा एकदा'
असं त्याला कुणी म्हटलं नव्हतं.
मी म्हटलं. अकरा वेळा.
अकराव्या वेळी त्याने भाता मिटला, पट्टी लावली
आणि म्हणाला,
नाचणारे कधीच घरी गेले, पोरा.

गाणं त्याच्या बापाचं.
एका कॅसेटवर राहिलेलं,
ओझेलीने कानांनी उचललेलं, अक्षर न् अक्षर.
तिला फ्रेंच येत नाही.
क्लोव्हिसला येतं, पण शाळेत ते बोलला म्हणून
त्याला तांदळाच्या कण्यांवर
गुडघे टेकून उभं केलं होतं,
तेव्हा घरातली पोरं त्याने इंग्रजीतच निजवली.
तिसऱ्या कडव्यात बायको जाते, होडी जाते,
आणि मग म्हातारा दोनदा म्हणतो: मिझेर, मिझेर.
म्हणजे काय, तिने विचारलं.
दैना, क्लोव्हिस म्हणाला. गरिबी. सगळंच.
सातव्या टेकमध्ये ती त्या शब्दापाशी अशी फुटली
की टी-रेनेचा त्रिकोण वाजायचाच राहिला.
काचेमागे मी डोळे पुसले,
मग आवाजाची पातळी बघितल्यासारखं केलं.

वेष्टणावर शब्द छापायचे होते, म्हणून
क्लोव्हिसने त्र्याण्णव वर्षांच्या आत्याला फोन लावला,
स्पीकरवर. युलाली आत्याने कडवं ऐकलं.
बराच वेळ काही नाही,
नुसता तिच्या खोलीतल्या टीव्हीचा आवाज.
मग ती हसायला लागली, खोकेपर्यंत.
अरे, मिझेर म्हणजे कुत्रा!
पिवळा, एका कानाचा.
तू तेव्हा फलाटावर होतास, तुला कुठून ठाऊक.
तुझा बाप कॅसेट भरत होता
आणि ते ध्यान कोंबडी तोंडात धरून
खोलीत शिरलं.

फोन ठेवल्यावर कुणी बोलेना.
टी-रेने तेवढा फिदीफिदी.
ओझेलीने पाणी प्यायलं,
हेडफोन चढवले, कोंडा फुंकला,
म्हणाली, पुन्हा एकदा.
यावेळी मी म्हटलं नव्हतं.

आणि तिसऱ्या कडव्यात तिने दैनेला हाक मारली
जशी उंबऱ्यावर घुटमळणाऱ्या कुत्र्याला मारतात:
आत ये नाहीतर बाहेर जा,
दार किती वेळ धरून ठेवू?
आवाजात हसू होतं की दुसरं काही,
मीटरवर ते दिसत नाही.
क्लोव्हिसचा भाता एका ठिकाणी अडखळला.
तो अडखळ मी तसाच ठेवला आहे.

कोणता टेक घ्यायचा, अजून ठरत नाही.
क्लोव्हिस म्हणतो सातवा. ओझेली म्हणते बारावा.
छापायचं काय, तेही भिजत पडलंय:
कुत्र्याचं नाव म्हणून एम मोठा काढायचा
की दैनेचा लहान.

सगळे गेल्यावर मी फ्रीज उघडला,
बटण दाबलं. काळी पाच.
किल्ल्या इतक्या गार झाल्या होत्या
की गाडीपर्यंत जाताना
एका हातातून दुसऱ्या हातात घेत राहिलो.